मागे उभी राहणारी

डॉक्टर लिमचं बोलणं साधनानं जपानीत सांगून संपवलं, आणि सवयीप्रमाणे ती अर्धं पाऊल मागे सरकून गप्प उभी राहिली. तेवढ्यात तपासणीच्या खाटेवर पालथ्या पडलेल्या चिहारूनं हात मागे नेऊन तिच्या कुडत्याची बाही धरली. धरली म्हणजे दोन बोटांच्या चिमटीत, एखादं लहान पोर लग्नाच्या गर्दीत आईचा पदर धरतं तशी. मान खालीच होती. उशीत तोंड खुपसून ती म्हणाली, "हे किताहारा-सानना सांगू नका. सूज आहे, पट्टी घट्ट बांधून खेळता येईल, एवढंच सांगा." डॉक्टर लिमना जपानी येत नव्हतं. ते हात पुसत होते, आणि पेशंट काय म्हणते म्हणून साधनाकडे बघत होते. साधना म्हणाली, "शी सेज थँक यू."  चिहारू असं काही म्हणालीच नव्हती. इतक्या वर्षांच्या दुभाषेगिरीत साधनानं कुणाच्या तोंडी पदरचं वाक्य घातलं नव्हतं, आणि आज घातलं ते आभाराचं, म्हणजे अगदीच बापुडवाणं, पण घातलं खरं. डॉक्टर खूश झाले. दारापर्यंत येऊन चिहारूच्या पायाकडे बोट दाखवत बजावून म्हणाले, "नो जंपिंग, हां. वन जंप, फिनिश." हे मात्र चिहारूला दुभाष्याशिवाय कळलं.

टाचेमागची नस, डॉक्टर जिला अकिलीस म्हणत होते ती, अर्धी फाटली होती. चार महिने विश्रांती दिली तर धरेल, नाहीतर एखाद्या उडीत अख्खी तुटेल, मग ऑपरेशन आणि पुढचं वर्ष कुबडीवर. एवढं सरळ निदान. पण सरळ गोष्टी सरळ राहतील तर माणसांना कामं काय उरतील! सिंगापूरच्या या बॅडमिंटन स्पर्धेचे स्वतःचे डॉक्टर होते की तिकडे स्टेडियममध्ये. पण त्यांच्या खोलीबाहेर चिनी, कोरियन, डॅनिश सगळे ये-जा करणार, आणि जपानची चिहारू मोरिवाकी पाय धरून बसलीय हा बोभाटा तासाभरात होणार. म्हणून संघाचे मॅनेजर किताहारा यांनीच साधनाला बाजूला घेऊन, लवून लवून विचारलं होतं, तुमच्या ओळखीचा कुणी लांबचा डॉक्टर आहे का. साधनाच्या सासूबाईंचा गुडघा बेडोकच्या याच लिमनी बरा केला होता. किताहारा स्वतः येणार होते, पण संघातल्या मुलग्यांच्या जोडीचा सामना तेव्हाच लागला. "तुम्ही आहात म्हणजे काळजी नाही," असं ते म्हणाले. जपानी माणूस असं म्हणतो तेव्हा काळजीचं गाठोडं तुमच्या डोक्यावर चढलेलं असतं, हे साधनाला पुण्यात असल्यापासून माहीत होतं.

टॅक्सीत बसल्यावर चिहारूनं दुखरा पाय पुढच्या सीटखाली सरळ केला आणि ती खिडकीबाहेर बघू लागली. बाहेर बेडोकच्या इमारती, बांबूंवर वाळत घातलेले कपडे, मग रस्त्याच्या दोन्ही बाजूंची ती कापूनकोरून बसवलेली झाडं. साधना तिच्या हाताकडे बघत होती. उजवा हात डाव्यापेक्षा चांगलाच जाड, जणू दोन बायकांचे दोन हात एका मुलीला लावले असावेत. अठ्ठावीस वर्षांची पोर. पोरच की. साधना स्वतः एक्केचाळीसची, घरी ऋता तेरा वर्षांची, त्यामुळे तिला हल्ली मधल्या वयाचे सगळेच पोरवयाचे वाटत. या पोरीचं सांगणं ऐकायचं, की जे ऐकलं ते सांगायचं? धरलं तर चावतं, सोडलं तर पळतं. अरुणाबाई, म्हणजे पुण्यात जिच्याकडे साधना जपानी शिकली ती बाई, पहिल्याच दिवशी वर्गात म्हणाली होती, "पोरींनो, दुभाषा म्हणजे दोन घरचा पाहुणा. उपाशी राहायची तयारी असेल तर बसा. आणि आपलं मत चपलांसारखं दाराबाहेर काढून आत यायचं." साधनाला ते फार आवडलं होतं तेव्हा. विशीत माणसाला मत नसणंसुद्धा केवढं भारदस्त वाटतं! निशिकांत, म्हणजे नवरा, तिची यावरून थट्टा करायचा. "तू काय बाबा, पाइप. पाणी गोड की खारट, पाइपाला काय घेणंदेणं?" आज पाइपाच्या घशात काहीतरी अडकलं होतं आणि पाइपाला त्याची चव कळत होती.

"मॅडम, विच वे? ईसीपी ऑर इनसाइड?" ड्रायव्हरनं विचारलं. साधना म्हणाली, "एनी वे, अंकल." टॅक्सी ईसीपीला, म्हणजे समुद्राकाठच्या हायवेला लागली. आतून गेलो असतो तर वाटेत मरीन परेडला घर लागलं असतं, असं तिला उगीच वाटून गेलं. जसं काही घर लागलं असतं तर ती उतरून वर गेली असती, गॅसवर कुकर चढवला असता, आणि ही मुलगी, हा पाय, उद्याचा सामना सगळं टॅक्सीबरोबर पुढे निघून गेलं असतं. तेवढ्यात फोन वाजलाच. ऋता. "आई, डिनर हाऊ? पपा से टा-पाव लाह, ही डोन्ट वॉन्ट टू कुक." साधना म्हणाली, "फ्रीजमध्ये आमटी आहे, भात लावा दोघं मिळून. टा-पाव बिपाव काही नाही, कालच पार्सल आणलं होतं." "अय्या, आई, सेम आमटी!" "सेमच खायची." तिनं फोन ठेवला तेव्हा चिहारू तिच्याकडे बघून किंचित हसत होती. "मुलगी?" "हो." "आवाजावरून कळलं. मीही आईशी अशीच बोलायचे. तिकडे घरी, आओमोरीला. आई सफरचंदांच्या पॅकिंगला जायची आणि मी शाळेच्या हॉलमध्ये. हिवाळ्यात हॉलच्या खिडक्यांवर बाहेरून बर्फ चढायचा, आत दिवे लावून खेळायचो. वारा अजिबात नसायचा. शटल इतकं सरळ जायचं तिथे." एवढं बोलून ती थांबली, आणि मग पुष्कळ बोलली. साधनाला याचं नवल वाटलं नाही. परक्या देशात आपली भाषा बोलणारं परकं माणूस भेटलं की लोक त्याला विहीर समजतात. बोलून मोकळे होतात, आणि विहीर काही बोलायला बाहेर येत नाही याची त्यांना खात्री असते.

चिहारूच्या सांगण्यात तक्रार नव्हती. शाळा संपल्यावर तिला पंखे बनवणाऱ्या एका कंपनीनं घेतलं. दुपारपर्यंत हिशेबखात्यात बसायचं, दुपारनंतर कंपनीच्याच हॉलमध्ये सराव. अशा कंपन्यांचे अशा मुलींचे संघ असतात. मुलगी खेळते तोवर कंपनीचं नाव छातीवर, खेळ संपला की तीच मुलगी पूर्णवेळ हिशेबखात्यात. जोडी कोणाची कोणाबरोबर, हे मुलींना कुणी विचारत नाही. एप्रिलमध्ये मॅनेजर सांगतात, मुली हो म्हणतात. साधनाच्या मनात आलं, आमच्याकडे निदान पोहे तरी खायला घालतात. एकोणिसाव्या वर्षी चिहारूची जोडी लावली किनुए-सानशी. किनुए मोठी, सात वर्षांनी. चिहारू दोघींच्या बॅगा उचलायची, बाटल्या भरायची, आणि कोर्टवर मागे उभी राहायची. पुढे किनुए जाळ्याजवळ, मागे ही. मागून हाणायचं, पुढच्यानं संपवायचं. पाच वर्षं तिनं किनुएची पाठ बघितली. "तुम्हाला माहितीये, साधना-सान? मला त्यांचा चेहरा नीट आठवत नाही. मानेवरचा तीळ आठवतो." अथेन्सच्या ऑलिम्पिकसाठी पॉइंट मोजायला लागले तेव्हा दोघी चांगल्या वर होत्या. पॉइंट जोडीचे असतात. किनुएचे नाहीत, चिहारूचे नाहीत, दोघींचे मिळून. जोडी मोडली की पाटी कोरी. मलेशियात एका सामन्यात तिसऱ्या गेमला किनुए उडी मारायला गेली आणि फाट्कन आवाज झाला. किनुए खाली पडली आणि तिनं वळून मागे बघितलं, चिहारूकडे. "मारलंस तू मला?" असं विचारलं. कारण ती नस तुटते तेव्हा दुखत नाही म्हणे आधी. कुणीतरी मागून टाचेवर काठी हाणल्यासारखं वाटतं. आणि दुहेरीत मागे कोण असतं? "मी लगेच वाकून माफी मागितली," चिहारू म्हणाली. "माझी रॅकेट त्यांच्यापासून कितीतरी लांब होती. मला ते माहीत होतं. तरी मी माफी मागितली. स्ट्रेचर येईपर्यंत मागत होते. टीव्हीवर पण दिसतं ते."

साधनाला हसू आलं आणि लगेच स्वतःची लाज वाटली. तिला ती मुलगी दिसली, परक्या देशातल्या झगझगीत दिव्यांखाली, न केलेल्या गुन्ह्यासाठी कमरेत वाकलेली. अशी माफी दुसऱ्या कुणी मागितली असती का? पुण्याची असती तर म्हणाली असती, "अहो, मी नाही हं, उगीच काय!" पुढे चिहारूला कळलं, नस फाटत आलीय हे किनुएला दोन महिने आधीपासून माहीत होतं. डॉक्टरनं सांगितलं होतं. तिनं कुणाला सांगितलं नाही. संघात सगळे म्हणाले, केवढी जिद्द! चिहारू पण म्हणाली, केवढी जिद्द. दवाखान्यात जाऊन सफरचंद सोलून देत राहिली, आणि अथेन्स टीव्हीवर बघितलं. तोंड दाबून बुक्क्यांचा मार, दुसरं काय. "मी त्यांचा फार राग केला," ती म्हणाली, अगदी हवापाण्याच्या गप्पा माराव्यात तशा आवाजात. "अजून करते. दोन महिने आधी सांगितलं असतं तर मला दुसरी जोडीदार मिळाली असती." टॅक्सी एका कमानीखालून गेली आणि टोलचं यंत्र टुक् करून वाजलं. साधना वाट बघत राहिली, की आता ही पुढचं म्हणेल. आता तिची नवी जोडीदार आसाको तिच्या मागे उभी असते; आसाको बावीस वर्षांची; बीजिंग ऑलिम्पिकचे पॉइंट याच महिन्यात मोजायला लागलेत; आज सांगितलं तर आसाकोपुढे अख्खं वर्ष आहे. हे सगळं चिहारूला साधनाहून नीट माहीत होतं. चिहारू म्हणाली, "तरी मला खेळायचंय. लोकांना सांगताना मी म्हणेन आसाकोसाठी. तिच्यासाठी नाही. कंपनी माझी चार महिने वाट बघणार नाही. खेळत राहिले तर पुढच्या एप्रिलपर्यंत ठेवतील. मला एकदा बीजिंगला जायचंय. बस."

 साधनाच्या जिभेवर दहा वाक्यं आली, सगळी शहाणपणाची, आणि ती सगळी तिनं गिळली. कारण तिला स्वतःचंच काही आठवत होतं, आणि ते या मुलीच्या गोष्टीपुढे इतकं किरकोळ होतं की आठवल्याचाही संकोच वाटावा. पुण्यातल्या कारखान्यात ती भाषांतर करायची तेव्हा तिला दोन वर्षांसाठी नागोयाला पाठवायचं ठरलं होतं. त्याच आठवड्यात निशिकांत पेढे घेऊन घरी आला. बँकेनं त्याला सिंगापूर दिलं होतं. घरात सगळ्यांनी पेढे खाल्ले. साधनानंही खाल्ला, आणि तो खरंच चांगला होता, हेही तिला आठवतं. कुणी खोटं बोललं नाही, कुणी जबरदस्ती केली नाही, नागोयाचा विषय कुणी मोडला नाही; तो नुसता कोपऱ्यात सरकवला गेला, पाहुणे आले की टीपॉय सरकवतात तसा. टॅम्पिनीसला पहिल्या भाड्याच्या फ्लॅटमध्ये आल्यावर ती जपानी बायकांना भाजी कुठे मिळते ते सांगण्यापासून पुन्हा सुरुवात करत होती. कोरी पाटी. निशिकांत वाईट माणूस नव्हता, आजही नाही. पुढे खेळतो, त्याला मागचं दिसत नाही, इतकंच. आणि ही पोरगी पुढे आली होती आता. आयुष्यात पहिल्यांदा पुढे. तिला मागे ढकलायचं कुणी, साधनानं? त्या क्षणी साधनाचं ठरलं. जाऊ दे. सूज आहे म्हणून सांगू. पाय तिचा, आयुष्य तिचं. पाइप तर पाइप. खारट पाणी गोड म्हणून सोडू एकदा. ठरल्यावर तिला हलकं वाटायला हवं होतं. उलट हॉटेल येईपर्यंत ती तीच वाक्यं मनात घोळवत राहिली.

हॉटेलच्या लॉबीत किताहारा उभेच होते. मुलग्यांची जोडी हरली होती, हे त्यांच्या खांद्यांवरून कळत होतं; तरी ते लवले, साधनाला त्रास दिल्याबद्दल दोनदा माफी मागितली, आणि मग सरळ होऊन थांबले.  त्यांच्या बाजूनं आसाको धावत आली. ट्रॅकसूट, ओले केस, गालावर पुटकुळी. आली, आणि कुणी न सांगता चिहारूच्या खांद्यावरची बॅग काढून आपल्या खांद्यावर घेतली. मग चिहारूच्या मागे, डाव्या अंगाला, एक पाऊल सोडून उभी राहिली. तिथेच ती रोज उभी राहत असणार. तिथून तिला चिहारूची मान दिसत असणार, आणखी काय! साधना तोंड उघडून उभी होती. सूज आहे. पट्टी बांधून. तीन-चार सोपी जपानी वाक्यं, पहिल्या वर्षाच्या पोरीनंही म्हटली असती. ती येईनात. आणि खरं वाक्यही येईना, कारण बाहीला अजून ती चिमूट लागलेली होती. किताहारांच्या चेहऱ्यावरचं अदबीचं हसू थोडं पातळ झालं. शेवटी साधनानं ऐकलं की आपण बोलतोय. आवाज तिचाच होता, जरा चिरकला होता. "डॉक्टर मोरिवाकी-सानशी बोलले. काय बोलले ते मी सांगणार नाही. मोरिवाकी-सान सांगतील." किताहारांनी तिच्याकडे असं बघितलं, जसं काही भिंतीवरचं घड्याळ आपलं मत सांगायला लागलं होतं.  गेली आपली कामं, तिच्या मनात आलं. उद्यापासून जपानी कंपन्यांत नाव निघणार नाही. आणि लगेच दुसरं मन म्हणालं, निघू नये.

 लॉबीत कुणीतरी चाकांची सूटकेस ओढत गेलं, लिफ्ट आली आणि रिकामी परत गेली. चिहारूनं साधनाकडे बघितलं नाही. रागावली असणार. रागवू दे बाई, रागव, साधना मनात म्हणाली, पण बोल. मग चिहारू हळूच, दुखऱ्या पायावर भार न देता, पाठमोरी होती ती वळली. मॅनेजर मोठे, कायद्यानं त्यांना आधी सांगायचं. पण ती वळली आसाकोकडे. दोघी समोरासमोर आल्या तेव्हा आसाको दचकून एक पाऊल मागे सरली, इतकी तिला याची सवय नव्हती. "टाचेमागची नस अर्धी फाटलीय," चिहारू म्हणाली. "उद्या मी खेळणार नाही. पुढेही नाही. चार महिन्यांनी बरी झाले तरी तू माझ्यासाठी थांबायचं नाहीस." आणि आसाको, जिला चिहारूचं दुखणं माहीत नव्हतं असं नाही, जी रोज रात्री तिच्या पायाला बर्फ लावत होती, ती एकदम म्हणाली, "मग मी कुणाबरोबर खेळू?"

म्हणून गेली, आणि दोन्ही हातांनी तोंड झाकून कमरेत वाकली. बॅग खांद्यावरून घसरून जमिनीवर आपटली. किताहारांनी नजर दुसरीकडे वळवली. साधनाला वाटलं, एक थोबाडीत ठेवून द्यावी या कार्टीच्या. दुखतंय का विचार, अग! निदान बस तरी म्हण! पण चिहारूचा चेहरा बघून ती थांबली. चिहारूच्या चेहऱ्यावर दुःख नव्हतं, म्हणजे होतं, पण त्याच्यावरून काहीतरी सैल झाल्यासारखं पसरलं होतं. "शिओरीबरोबर," ती म्हणाली. क्षणही न घालवता. नाव जिभेवर तयारच होतं; म्हणजे केव्हापासून ही मुलगी संघातल्या लहान पोरी निरखत होती, कुणाचा हात कसा, कुणाचा पाय कसा, आणि मनात जोडी लावत होती, कुणाला न सांगता, स्वतःलाही न सांगता. साधनाच्या डोळ्यांत पाणी आलं आणि तिनं ते येऊ दिलं. "सरळ हो, असं वाकून ऐकू येणार नाही," चिहारू सांगत होती. "शिओरी जाळ्याजवळ माझ्यापेक्षा चांगली आहे. पण घाबरली की ती मागे येते. तेव्हा तू पुढे जायचंस. वाट बघत बसू नकोस. लहान आहे म्हणून तुझ्याकडे बघेल, तर तू ओरडून सांगायचंस. मी तुला ओरडून सांगायला शिकवलं नाही, ते माझं चुकलं. आणि डाव्या बाजूचं शटल तिला सोडू नकोस, ते तूच घ्यायचंस." बोलता बोलता तिचा उजवा हात हवेत रॅकेट धरल्यासारखा वळत होता. आवाज मध्येच चिरकला, तरी ती थांबली नाही. किताहारा आता तिच्याकडेच बघत होते आणि मान हलवत होते, हो, शिओरी, बरोबर, म्हणजे त्यांच्याही मनात तेच नाव होतं. कुणालाच दुभाष्याची गरज उरली नव्हती. साधनानं निघायचं म्हणून पर्स खांद्यावर घेतली.

आसाको सावकाश सरळ झाली. नाक लाल, केस तोंडावर. ऐकलेलं सगळं ती मनात कुठेतरी नीट लावून ठेवत होती, हे दिसत होतं. गुणी पोर होती ती. मग तिनं मान वर करून, बहुधा पहिल्यांदाच, चिहारूच्या डोळ्यांत बघून विचारलं, "आणि तुम्ही?"

 चिहारू साधनाकडे वळली, आणि डॉक्टर बोलून थांबले की दुपारभर बघत होती तशी, आता ही आपल्याला सांगेल म्हणून, तिच्या तोंडाकडे बघत राहिली. प्रश्न तर जपानीतच होता.